मांडी, दस्तऐवज आणि साक्ष : वादग्रस्त दत्तकाच्या कथनाविषयी

१

दत्तक ही घटना मुळातच दुहेरी असते. एका बाजूने ती देहाच्या पातळीवर घडते : एक मूल जन्मदात्यांच्या हातून उचलले जाते आणि दुसऱ्या कोणाच्या मांडीवर ठेवले जाते. दुसऱ्या बाजूने ती लेखनाच्या पातळीवर घडते : मृत्युपत्र, दत्तपत्र, न्यायालयाचा हुकूम, जन्मदाखला यांतून ते मूल नव्या नावाने आणि नव्या कुळात लिहिले जाते. कुटुंबात सलोखा असतो तोवर या दोन घटना एकमेकींना आधार देत राहतात आणि त्यांच्यातील अंतर कोणाच्या ध्यानातही येत नाही. तंटा उभा राहिला की मात्र त्या विलग होतात. मग प्रत्यक्षात काय घडले हे कागदाच्या आधारे ठरवावे लागते आणि कागद खरा की खोटा हे माणसांच्या आठवणींवरून. वादग्रस्त दत्तकाची प्रत्येक गोष्ट त्यामुळे अर्थ लावण्याची, परस्परविरोधी संहितांतून निवड करण्याची गोष्ट होते. साहित्यसमीक्षेला तिच्यात शिरण्याचा अधिकार पोहोचतो तो याच कारणाने.

मराठी भाषेने हे द्वैत फार पूर्वीच ओळखले आहे. 'दत्तविधान', 'दत्तपत्र', 'वारस' ही शब्दावली धर्मशास्त्राची आणि कचेरीची. तिच्या शेजारी बोलण्यात नांदणारी दुसरी शब्दावली सर्वस्वी शरीराची आहे. मूल 'पोटचे' असते, 'मांडीवर घेतलेले' असते, 'ओटीत घातलेले' किंवा 'पदरात टाकलेले' असते. पोट, मांडी, ओटी, पदर ही स्त्रीच्या देहाशी निगडित अशी स्थाने होत. कागदावरील शब्दांच्या मागे मात्र पुरुषाचा वंश आणि त्याची मालमत्ता उभी असते. या दोहोंपैकी कोणत्याही शब्दावलीत मुलाला कर्तेपण नाही. 'दत्त' म्हणजे दिलेला. तो देतही नाही आणि घेतही नाही. वाक्यातील त्याचे स्थान कर्माचे आहे.

गेल्या काही वर्षांत या विषयाला एक नवा घाट मिळाला आहे. सत्य गुन्ह्यांवरील अनुबोधपटांच्या मालिका हा तो घाट. या मालिकांचे कोणतेही एक गाव उरलेले नाही. ठाणे जिल्ह्यात, भिवंडीहून वाड्याकडे जाणाऱ्या रस्त्यावरील अंबाडीसारख्या गावातल्या प्रेक्षकालाही अमेरिकेतील इंडियाना राज्यातला दत्तकाचा तंटा हातातील मोबाइलवर पाहता येतो. हा प्रेक्षक कोऱ्या मनाने पाहत नाही. राधेने वाढवलेला कर्ण, यशोदेचा कृष्ण, झाशीचे खालसा झालेले संस्थान आणि त्यामागचे नामंजूर दत्तक या साऱ्यांनी त्याची दृष्टी आधीच घडवलेली असते. परंतु त्या संचितात आणखी एक प्रकरण आहे आणि ते या नव्या घाटाला सर्वांत जवळचे आहे. लोकमान्य टिळकांच्या चरित्रातील एक पर्व म्हणून ते सर्वांना ऐकून ठाऊक असते. कथन म्हणून त्याचा विचार क्वचितच होतो. ते म्हणजे ताईमहाराज प्रकरण. या प्रकरणातून निघालेला एक न्यायालयीन दंडक आजच्या अनुबोधपटाच्या समीक्षेलाही उपयोगी पडणारा आहे, आणि त्या दंडकाची मर्यादाही याच प्रकरणातून दिसते.

२

प्रथम नव्या घाटाचे स्वरूप पाहणे इष्ट ठरेल. 'द क्युरिअस केस ऑफ नटालिया ग्रेस' ही मालिका २०२३च्या मे महिन्यात इन्व्हेस्टिगेशन डिस्कव्हरी या वाहिनीवर सुरू झाली. तिच्यामागील घटनाक्रम असा : युक्रेनमध्ये जन्मलेली, हाडांच्या वाढीच्या दुर्मीळ विकारामुळे ठेंगणी राहिलेली ही मुलगी २०१०मध्ये इंडियानातील बार्नेट दांपत्याने दत्तक घेतली. तिच्या कागदपत्रांत जन्मवर्ष २००३ होते. ती मूल नसून प्रौढ स्त्री आहे आणि आपल्या जिवावर उठली आहे, असे पुढे दांपत्याचे म्हणणे पडले. २०१२मध्ये तेथील न्यायालयाने तिचे जन्मवर्ष बदलून १९८९ केले. एका हुकुमाने ती चौदा वर्षांनी मोठी झाली. २०१३मध्ये तिला लाफायेट या शहरातील एका भाड्याच्या घरात एकटी ठेवून कुटुंब कॅनडाला गेले. २०१९मध्ये दांपत्यावर तिची हेळसांड केल्याचे आरोप ठेवण्यात आले. २०२२मध्ये पती निर्दोष सुटला आणि २०२३मध्ये पत्नीवरील आरोप मागे घेण्यात आले.

या खटल्यातील एक बाब साहित्याच्या अभ्यासकाने विशेष लक्षात घ्यावी अशी आहे. २०१२चा हुकूम कायम असल्यामुळे, हेळसांडीच्या वेळी ती मूल होती की नव्हती हा प्रश्नच अभियोग पक्षाला खुलेपणाने मांडता आला नाही. तिच्या अपंगत्वाच्या आधारे जे आरोप उरले तेवढेच चालले. म्हणजे आधीच्या एका संहितेने नंतरच्या संहितेत कोणता प्रश्न विचारता येईल हे ठरवून टाकले. कागदाने वय ठरवले आणि मग त्या वयाने साक्षीची हद्द ठरवली.

अनुबोधपट नेमका या बंद झालेल्या जागेत शिरतो. न्यायालयाला जे विचारता आले नाही ते आपण विचारतो अशी त्याची भूमिका असते. त्याची रचना मात्र रहस्यकथेची राहते. रहस्यकथेत दोन कथा असतात, एक गुन्ह्याची व दुसरी शोधाची, आणि पहिली अनुपस्थित असते म्हणूनच दुसरी चालते, हे त्स्वेतान टोडोरॉव्ह यांनी १९६६मध्ये दाखवून दिले होते. या मालिकेने त्या रचनेत एक बदल केला. येथे कोडे 'हे कोणी केले' असे नसून 'ही कोण आहे' असे आहे. गुन्ह्याच्या जागी मूलच बसवले गेले. मुलाच्या चेहऱ्यामागे लपलेली प्रौढ स्त्री ही प्रतिमा २००९च्या 'ऑर्फन' या चित्रपटाने प्रेक्षकांच्या मनात आधीच रुजवली होती. वास्तवातील मुलीला तो तयार साचा मिळाला. एकदा मूल हेच कोडे ठरले की त्याचे रडणे, हसणे, खेळणे, गप्प राहणे यांपैकी प्रत्येक गोष्ट पुरावा होते. निरागसपणाही डाव म्हणून वाचता येतो. कोणतेही उत्तर संशय मिटवू शकत नाही अशी ही संकेतव्यवस्था आहे.

पहिल्या मालिकेत बोलण्याचा मोठा वाटा दत्तक पित्याकडे आहे आणि त्याच्या नाट्यपूर्ण अभिनिवेशाभोवती कथन फिरते. २०२४च्या जानेवारीत आलेल्या दुसऱ्या मालिकेच्या नावातच 'नटालिया बोलते' असे आश्वासन आहे. ते काही अंशी पाळलेही जाते. ती प्रदीर्घ बोलते. डीएनए चाचणीच्या आधारे तिचे वय बाविशीच्या आसपास असल्याचे सांगितले जाते, म्हणजे दत्तक घेतले तेव्हा ती मूल होती या तिच्या म्हणण्याला बळ मिळते. दत्तक पित्याशी तिची समोरासमोर भेट होते. छळाचे आरोप ती त्याच्यासमोर मांडते आणि त्याला उत्तर द्यावे लागते. या प्रसंगाकडे पुढे पुन्हा वळावे लागेल.

परंतु दुसऱ्या मालिकेचा शेवटचा भाग जेथे संपतो ती जागा साऱ्या रचनेवर प्रकाश टाकणारी आहे. बार्नेट दांपत्यानंतर जिने तिला आधार दिला आणि रीतसर आपली मुलगी करून घेतले त्या कुटुंबाकडून निर्मात्यांना आलेला एक दूरध्वनी प्रेक्षकाला ऐकवला जातो. या मुलीत काहीतरी बरोबर नाही, असा त्याचा आशय. भाग तेथेच संपतो. संपूर्ण मालिकाभर जो संशय दूर केला तोच शेवटच्या क्षणी पुन्हा परत आणला जातो, आणि या आरोपाविषयी तिला काय म्हणायचे आहे हे त्या भागात कोठेही येत नाही. तिसरी मालिका २०२५च्या जानेवारीत आली. आरोप आणि त्याचे उत्तर यांच्यामध्ये अशा प्रकारे एक वर्षाचे अंतर पडले. त्या वर्षभर प्रेक्षक न्यायाधीश होता आणि ती आरोपी होती. बोलण्याची संधी देणाऱ्या घाटानेच तिला पुन्हा कोड्याच्या जागी नेऊन बसवले, कारण मालिकेला पुढे चालण्यासाठी कोड्याची गरज होती.

३

आता पुण्याकडे वळू. पुण्यातील पहिल्या वर्गाचे सरदार वासुदेव हरिहर पंडित ऊर्फ बाबामहाराज हे ७ ऑगस्ट १८९७ रोजी निवर्तले. राजद्रोहाच्या आरोपावरून अटक झालेले टिळक त्या वेळी नुकतेच जामिनावर सुटले होते. मृत्युपत्रान्वये जे विश्वस्त नेमले गेले त्यांत टिळक आणि अमरावतीचे दादासाहेब खापर्डे होते. घराण्याचे कारभारी नागपूरकर हेही होते. बाबामहाराजांची पत्नी ताईमहाराज त्या वेळी गरोदर होती. मुलगा झाला नाही अथवा होऊन जगला नाही, तर विश्वस्तांच्या संमतीने तिच्या मांडीवर मुलगा द्यावा, असा मृत्युपत्रातील तरतुदीचा आशय होता. १८९८च्या आरंभी मुलगा झाला, पण तो काही आठवड्यांतच दगावला.

१९०१च्या जूनमध्ये ताईमहाराज, टिळक, खापर्डे आदी मंडळी निजामाच्या राज्यातील औरंगाबादला गेली. पंडित घराण्याच्या तेथील शाखेतील जगन्नाथ नावाचा लहान मुलगा निवडण्यात आला व जूनअखेर त्याचे दत्तविधान झाले, असे टिळकपक्षाचे म्हणणे. पुण्यास परतल्यावर ताईमहाराजने ते नाकारले. मृत्युपत्राचा दाखला रद्द व्हावा असा तिचा अर्ज जुलैअखेर पुण्याच्या जिल्हा न्यायालयात दाखल झाला आणि ऑगस्टमध्ये तिने कोल्हापूरकडील बाळामहाराज यांना दत्तक घेतले. औरंगाबादला आपल्यावर दडपण आले, आपली फसवणूक झाली, दत्तविधान म्हणून जे सांगितले जाते ते घडलेच नाही, या दिशेने तिच्या बाजूची मांडणी गेली.

पुढचा प्रवास सुपरिचित आहे. जिल्हा न्यायाधीश ॲस्टन यांनी १९०२च्या एप्रिलमध्ये दाखला रद्द केला आणि टिळकांवर खोटी साक्ष, बनावट पुरावा अशा स्वरूपाचे फौजदारी आरोप ठेवण्याचा मार्ग मोकळा केला. १९०३च्या ऑगस्टमध्ये विशेष दंडाधिकारी क्लेमंट्स यांनी टिळकांना खोट्या साक्षीबद्दल अठरा महिन्यांची सक्तमजुरी व एक हजार रुपये दंड ठोठावला. अपिलात ती शिक्षा सहा महिन्यांवर आली आणि १९०४च्या मार्चमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केले. दत्तकाचा दिवाणी दावा मात्र चालूच राहिला. १९०६मध्ये खालच्या न्यायालयाने जगन्नाथाचे दत्तक वैध ठरवले. १९१०मध्ये उच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला. १९१५मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने उच्च न्यायालयाचा निर्णय रद्द करून औरंगाबादचे दत्तक कायम केले. ताईमहाराज १९०३मध्येच वारली होती. जिच्या मांडीविषयी हा वाद होता ती स्त्री अंतिम निकालाच्या वेळी हयात असती तर तिशी-पस्तिशीतच असती.

या साऱ्या वादाच्या केंद्रस्थानी एक प्रश्न होता. हिंदू धर्मशास्त्रानुसार दत्तक वैध व्हायचे तर मुलाचे प्रत्यक्ष देणे आणि घेणे घडले पाहिजे. नुसती निवड पुरेशी नाही, नुसता कागदही पुरेसा नाही. 'मांडीवर घेणे' हा एरवी लाक्षणिक अर्थाने वापरला जाणारा वाक्प्रचार येथे अक्षरशः वाचावा लागला. मुलगा मांडीवर ठेवला गेला काय, कोणी ठेवला, कोणासमोर ठेवला, हे विचारले गेले. भाषेतील लक्षणा न्यायालयात पुरावा झाली. त्या क्षणाचे चित्र दोन खंडांत विभागलेल्या न्यायव्यवस्थेने, औरंगाबादेतून पुणे-मुंबईत आणि तेथून लंडनमध्ये, पुनःपुन्हा उभारून पाहिले. आणि दर वेळी ते वेगळे दिसले.

४

प्रकरणाची जी दोन कथने प्रचलित झाली त्यांचा तौलनिक विचार केला असता एक विलक्षण गोष्ट आढळते. विरोधी कथनानुसार टिळक व खापर्डे यांनी एका तरुण विधवेवर दडपण आणून तिच्याकडून दत्तक करवून घेतले. टिळकपक्षाच्या कथनानुसार नागपूरकर आणि कोल्हापूरची मंडळी यांनी तिचे कान भरले आणि तिच्याकडून दत्तक नाकारवून घेतले. ही दोन कथने परस्परांच्या सर्वस्वी विरुद्ध आहेत असे मानले जाते. वस्तुतः एका मुद्द्यावर त्यांचे पूर्ण एकमत आहे : ताईमहाराजने स्वतः होऊन काहीच केले नाही. तिच्याकडून करवून घेतले गेले. मतभेद आहे तो करवून घेणारा कोण याविषयी. मराठीतील प्रयोजक क्रियापद जणू या स्त्रीसाठीच घडवले असावे अशी ही स्थिती आहे. औरंगाबादला संमती देणारी आणि पुण्याला ती मागे घेणारी ही एकच स्त्री असू शकते, प्रारंभी दिलेली संमती खरी आणि नंतरचा नकारही खरा असू शकतो, ही शक्यता दोन्ही बाजूंच्या कथनाला परवडणारी नव्हती.

चरित्रलेखनाने हे चित्र अधिक पक्के केले. न. चिं. केळकर यांच्या १९२३ ते १९२८ या काळातील त्रिखंडात्मक टिळकचरित्रापासून गंगाधर गाडगीळ यांच्या 'दुर्दम्य' या कादंबरीपर्यंत टिळकांविषयीच्या लेखनाचा नायक स्वाभाविकपणे टिळक हेच आहेत. त्या परंपरेत या प्रकरणाला अग्निदिव्याचे रूप येते : मरणाऱ्या मित्राला दिलेला शब्द पाळण्यासाठी एका पुरुषाने जवळजवळ अठरा वर्षे सोसलेला छळ. हे रूप खोटे नाही. प्रिव्ही कौन्सिलचा निकाल त्याला पुष्टी देतो. परंतु 'छळ' या शब्दाचे कर्म या कथनात बदलते हे ध्यानात घेतले पाहिजे. तक्रारीत छळ झाल्याचे सांगणारी स्त्री होती; चरित्रात छळ सोसणारा पुरुष आहे. तक्रार सिद्ध झाली नाही म्हणून तक्रार करणारीचा अनुभव कथनाच्या बाहेर पडला. सिद्ध न होणे आणि सांगण्याजोगे नसणे या दोन गोष्टी एक मानल्या गेल्या.

दुसऱ्या दिशेनेही तिचा असाच वापर झाला. व्हॅलेंटाइन चिरोल यांच्या 'इंडियन अनरेस्ट' या १९१०च्या ग्रंथात टिळकांच्या चारित्र्यावर ठपका ठेवण्यासाठी हे प्रकरण आले. टिळकांनी चिरोल यांच्यावर लंडनमध्ये जो अब्रुनुकसानीचा दावा लावला त्यातील आक्षेपार्ह मजकुरात याही प्रकरणाचा उल्लेख होता. तो दावा १९१९मध्ये टिळक हरले. प्रिव्ही कौन्सिलने चार वर्षांपूर्वी बाजूने दिलेला निकालही त्यांना तेथे तारू शकला नाही. निकालाने खटला संपतो, गोष्ट संपत नाही, याचे यापेक्षा ठळक उदाहरण शोधावे लागणार नाही. साम्राज्याच्या पत्रकाराला ताईमहाराज हवी होती ती टिळकांविरुद्धचा पुरावा म्हणून.

नटालिया ग्रेसच्या मालिकेशी ताडून पाहता येथे एक उलटे साम्य दिसते. ताईमहाराजला दोन्ही कथनांनी कर्तेपण नाकारले. नटालियाला पहिल्या कथनाने नको इतके कर्तेपण दिले : ती कट रचणारी, सारे घर नाचवणारी प्रौढा ठरली. तिची बाजू घेणाऱ्या कथनाने ते सारे काढून घेऊन तिला केवळ सोसणारी केले, आणि तशी ती पुरेशी दिसेनाशी होताच पुन्हा पहिल्या जागी ढकलले. निव्वळ बळी किंवा निव्वळ कारस्थानी या दोहोंखेरीज तिसरी जागा वादग्रस्त दत्तकाच्या कथनात उपलब्ध नसते. ती निर्माण करणे हे खरे तर कथनकाराचे काम होय.

५

प्रिव्ही कौन्सिलच्या १९१५च्या निकालाचे महत्त्व केवळ टिळकांच्या निर्दोषत्वापुरते नाही. निकालपत्र लिहिणारे लॉर्ड शॉ यांनी त्यात पुराव्याविषयीचे एक तत्त्व मांडले आणि पुराव्याच्या कायद्याच्या चर्चेत त्याचा उल्लेख पुढेही होत राहिला. त्याचा आशय असा : साक्षीदार शपथेवर उलटतपासणीला उभा असताना, त्याच्याविरुद्ध एखादा कागद वापरायचा असेल तर तो त्याच्यासमोर ठेवला पाहिजे, संदिग्ध वा वादग्रस्त मुद्द्याचा खुलासा करण्याची संधी त्याला मिळाली पाहिजे, आणि जेथे त्याची अब्रू पणाला लागलेली असेल तेथे हा नियम अधिकच कसोशीने पाळला पाहिजे. उच्च न्यायालयाने टिळक व खापर्डे यांना जवळजवळ कटवाले ठरवले होते. परंतु ज्या कागदांच्या वाचनातून तो निष्कर्ष निघाला त्यांतील विसंगतींचा खुलासा त्यांना रीतसर विचारला गेला नव्हता. दोन कागद शेजारी ठेवले की विसंगती दिसते. तिचा अर्थ कळण्यासाठी ती ज्याची आहे त्याला विचारावे लागते.

हे तत्त्व कथनमीमांसेच्या परिभाषेत मांडता येते. शेजारी ठेवणे ही संकलनाची क्रिया आहे. समोर ठेवणे ही संवादाची क्रिया आहे. अनुबोधपटाचे सामर्थ्य पहिल्या क्रियेत असते : काल केलेले विधान आणि आज केलेले विधान, हसरा कौटुंबिक फोटो आणि रडवेली मुलाखत, तो एकमेकांना जोडतो आणि त्या सांध्यातून आरोप निर्माण होतो. हा आरोप कोणीही उच्चारलेला नसतो. म्हणूनच त्याला उत्तर देण्याची जागाही नसते. निवेदक मौन राहून प्रेक्षकाकडून निकाल वदवून घेतो. लिखित कथनात निवेदकाचा पक्षपात शब्दांतून पकडता येतो. दृश्यांच्या सांध्यात तो लपून राहतो.

नटालियाच्या मालिकेतील दोन जागा या कसोटीवर घासून पाहाव्यात. पिता-पुत्रीच्या समोरासमोरच्या भेटीत प्रसिद्धीचा सोस आहे, नाट्य आहे, आणि दोघांच्याही दुःखाचा बाजार आहे. तरीही तेथे आरोप हा ज्याच्यावर आहे त्याच्यासमोर ठेवला जातो. त्याला खुलासा करता येतो, तिला तो अमान्य करता येतो, आणि प्रेक्षकाला दोघांचे चेहरे एकाच चौकटीत दिसतात. शेवटच्या भागातील दूरध्वनी याच्या नेमका उलट आहे. तेथे आवाज आहे पण चेहरा नाही, आरोप आहे पण तपशील नाही, आणि जिच्याविषयी बोलले जाते ती अनुपस्थित आहे. पहिला प्रसंग भडक असूनही न्याय्य आहे. दुसरा संयत असूनही अन्याय्य आहे. सत्य गुन्ह्यांवरील अनुबोधपटांची समीक्षा बहुधा भडकपणाच्या मुद्द्यावर अडते. १९१५चा दंडक हाती घेतला तर प्रश्न अभिरुचीचा न राहता कथनाच्या नीतीचा होतो : येथे कोणाविरुद्ध काय वापरले गेले, आणि ते त्याच्यासमोर ठेवले गेले काय?

या विवेचनावर एक आक्षेप घेता येईल. अनुबोधपट हे न्यायालय नव्हे. कलाकृतीला पुराव्याचे नियम लावणे म्हणजे तिची स्वायत्तता नाकारणे होय, असे कोणी म्हणेल. आक्षेप रास्त आहे, परंतु तो कल्पित कथेला लागू पडतो. काल्पनिक पात्राची अब्रू कादंबरीबाहेर जात नाही. अनुबोधपटाचे पात्र त्याच रात्री स्वतःच्या घरात झोपायला जाते आणि दुसऱ्या दिवशी बाजारात ओळखले जाते. ज्या घाटाने सत्याचा अधिकार मागितला आहे त्याने सत्याची जोखीमही उचलली पाहिजे. शिवाय हा दंडक काय दाखवावे हे सांगत नाही. दाखवताना कोणाला बोलू द्यावे एवढेच सांगतो.

६

तथापि या दंडकाची मर्यादा त्याच्या जन्मकथेतच आहे. साक्षीदाराला खुलासा करण्याची संधी मिळाली पाहिजे, हे तत्त्व जे साक्षीच्या पिंजऱ्यापर्यंत पोहोचले आणि अखेरपर्यंत टिकले त्यांचे रक्षण करते. टिळक आणि खापर्डे दोघेही कायदा जाणणारे, लिहिते-बोलते पुरुष होते. त्यांच्यावरचा अन्याय दुरुस्त होऊ शकला. ताईमहाराजचे म्हणणे न्यायालयीन कागदांच्या घाटात, वकिलांच्या भाषेत आणि भाषांतरांच्या थरांखाली उरले. ती गेल्यानंतर तिच्या विधानांतील विसंगती तिच्यासमोर ठेवण्याचा प्रश्नच उरला नाही. रणजित गुहा यांनी १९८७च्या 'चंद्राज डेथ' या निबंधात एकोणिसाव्या शतकातील बंगालमधील काही जबान्यांचा तुकडा वाचताना, कायदा एका मृत स्त्रीच्या वेदनेचे गुन्ह्याच्या प्रकरणात कसे रूपांतर करतो हे दाखवले. ताईमहाराज ही सरदार घराण्यातील, तिच्या नावाने अठरा वर्षांचे दप्तर साठलेले; पण संग्रह मोठा असला म्हणून आवाज मोठा होत नाही. तिच्या बाबतीत कागदांची विपुलता हीच तिच्या मौनाची जागा झाली.

अशा मौनाला सामोरे जाण्याचे काम मराठी ललित साहित्याने कधी केले आहे काय? दोन उदाहरणे येथे उपयोगी पडतील. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकात आरोपी ठरवलेल्या बेणारेला अखेरीस बोलण्यासाठी वेळ मिळतो. ती दीर्घ स्वगत बोलते. परंतु तेवढा वेळ रंगमंचावरील इतर पात्रे थिजलेली असतात. तिचे बोलणे प्रेक्षकाला ऐकू येते, न्यायालयाला नाही. तेंडुलकरांनी हा विलगपणा दडवला नाही, तो रंगसंकेत म्हणून उघड दाखवला. नाटक तिला बोलायला लावते आणि त्याच वेळी तिचे बोलणे निकालावर काडीचाही परिणाम करत नाही हेही सांगते. 'नटालिया बोलते' असे म्हणणाऱ्या मालिकेला ही प्रांजळता साधलेली नाही.

दुसरे उदाहरण शिवाजी सावंतांच्या 'मृत्युंजय'चे. १९६७च्या या कादंबरीत कर्ण, कुंती, दुर्योधन, वृषाली, शोण आणि कृष्ण असे सहा निवेदक आहेत. अनेक साक्षींतून एका वादग्रस्त आयुष्याचे सत्य उभे करण्याचा हा घाट अनुबोधपटाच्या घाटाशी नाते सांगणारा आहे. जन्मदात्रीला तेथे निवेदन मिळाले. जिने नदीतून आलेले मूल पदरात घेतले आणि जिच्या नावावरून कर्ण 'राधेय' झाला त्या राधेला मात्र स्वतंत्र निवेदन नाही. दोष काढण्यासाठी हे नोंदवायचे नाही. बहुनिवेदकी रचना आपोआप सर्वांना न्याय देते हा समज दूर व्हावा म्हणून नोंदवायचे आहे. किती जण बोलतात यापेक्षा कोणाला निवेदकाचे स्थान मिळत नाही हा प्रश्न अधिक उद्बोधक असतो. पुष्कळ मुलाखती घेतल्या म्हणून आपले कथन समतोल आहे असे मानणाऱ्या अनुबोधपटालाही तो विचारला पाहिजे.

कायद्याने या बाबतीत मधल्या काळात मोठा पल्ला गाठला आहे. १९५६च्या हिंदू दत्तक व निर्वाह कायद्याने मुलगी दत्तक घेण्याची वाट मोकळी केली आणि स्त्रीला स्वतःच्या अधिकारात दत्तक घेण्याचा हक्क दिला. लक्ष्मीकांत पांडे यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने १९८४मध्ये आंतरदेशीय दत्तकासाठी मार्गदर्शक तत्त्वे घालून दिली. २०१५च्या बाल न्याय कायद्यात मुलाचे सर्वोच्च हित हे निर्णयाचे सूत्र मानले गेले आणि मुलाला आपल्या वयाच्या व समजेच्या मानाने म्हणणे मांडता आले पाहिजे हे तत्त्वही त्यात आले. पिंडदानासाठी व वतनासाठी मुलगा हवा, या जुन्या दृष्टीपासून मुलासाठी घर हवे, या दृष्टीपर्यंत कायदा आला. कथन मात्र अद्याप जुन्याच ठिकाणी आहे. त्याला अजूनही मूल हवे आहे ते मालमत्तेसाठी नाही तर कोड्यासाठी, इतकाच फरक.

औरंगाबादच्या त्या जूनमधील प्रसंगाविषयी पुणे, मुंबई व लंडन येथे जे सांगितले गेले त्यात मांडीचा उल्लेख आहे, पण तो नेहमी मांडी जिची किंवा मुलगा ठेवणारे हात ज्यांचे त्यांच्या संदर्भात. मांडीवर ठेवल्या गेलेल्या मुलाने तो क्षण कसा पाहिला हा प्रश्न प्रकरणाच्या प्रचलित कथनांत उद्भवतच नाही. त्याची वैधता ठरली, त्याची आठवण विचारली गेली नाही. ताईमहाराज प्रकरणाचे पुनर्वाचन व्हायचे असेल तर ते टिळकांना पुन्हा दोषी किंवा पुन्हा निर्दोष ठरवण्यासाठी होण्यात हशील नाही. तो निकाल लागलेला आहे. ते व्हावे ते, ज्यांच्यासमोर कोणताही कागद कधी ठेवला गेला नाही त्या दोघांसाठी : जिने नकार दिला ती तरुण विधवा आणि ज्याला काही विचारले गेले नाही ते मूल.